हिरवळ, मजूर आणि बॅटरी : गवत कापणाऱ्या यंत्राचा इतिहास

१/ न्यू जर्सीत तीस वर्षे राहणाऱ्या माझ्या मामांनी मध्यंतरी फोनवर एक पेच टाकला. "तू इतिहासाचे एवढे लांबलचक धागे लिहितोस, मग एक सांग. गवत कापायचे बॅटरीवरचे यंत्र घ्यायचे आहे, आपले आपण पुढे सरकणारे. गुडघ्याचे ऑपरेशन झाले आहे, घरामागे उतार आहे, आणि दुकानातला मुलगा नुसते व्होल्ट सांगतो. कुठले घेऊ?" मी म्हटले, "मामा, मला दोन दिवस द्या." दोनाचे आठ झाले. कारण या यंत्राच्या मागे जाता जाता मी इंग्लंडमधल्या एका लोकरीच्या गिरणीत पोहोचलो, आणि तिथून भंडाऱ्यापर्यंत. आजचा धागा त्या प्रवासाचा. मोठा आहे, सवडीने वाचा.

२/ प्रथम हिरवळीविषयी. आपल्याकडे गवत म्हणजे वैरण. गवत वाढवायचे, पण गुरांना घालायचे नाही, त्यावर पीकही घ्यायचे नाही, आणि वर ते सतत कापत राहायचे, ही कल्पना आपल्या शेतकऱ्याला वेडेपणाची वाटली असती. सतराव्या-अठराव्या शतकातल्या इंग्रज जमीनदाराला नेमके तेच दाखवायचे होते. 'माझ्याजवळ इतकी जमीन आहे, की घरापुढची मी रिकामी ठेवू शकतो.' उद्यानरचनाकार लान्सलॉट 'केपेबिलिटी' ब्राऊन (१७१६–१७८३) याने तर हिरवळ थेट हवेलीच्या भिंतीपर्यंत आणून भिडवली.

३/ ही रिकामी जमीन रिकाम्या हातांनी राखली जात नसे. लांबवरच्या कुरणात मेंढ्या चरत. घराजवळ मात्र लांब दांड्याचा, उभ्याने दोन्ही हातांनी फिरवायचा विळा चाले. गवत दवाने ओले असताना ते चांगले कापले जाते, म्हणून माळी पहाटेच कामाला लागत. एका रांगेत, एका तालात विळे फिरत, आणि मागून झाडू घेऊन कापलेले गवत गोळा करणारे येत. यात अतिशय कसब होते. हात जरा चुकला की हिरवळीवर अर्धचंद्राकृती व्रण राही. मालक उठून खिडकीशी येईपर्यंत हे सारे लोक तिथून नाहीसे झालेले असत. हिरवळ आपोआपच तशी असते, असे वाटले पाहिजे ना!

४/ आता ग्लॉस्टरशरमधल्या स्ट्राउडच्या खोऱ्यात जाऊ. हा परगणा लोकरी कापडासाठी प्रसिद्ध होता. विणलेल्या कापडावर लव उभी राहते आणि ती सारखी कातरावी लागते. पूर्वी हे काम मोठमोठ्या कात्र्यांनी हाताने होई. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी त्यासाठी यंत्रे आली. दंडगोलावर सर्पिल आकारात बसवलेली पाती फिरत आणि खालच्या स्थिर पात्याशी घासून लव कापत. एडविन बिअर्ड बडिंग नावाचा एक यांत्रिक कारागीर अशाच यंत्रांच्या सहवासात होता. त्याच्या मनात आले, की कापडावरची लव आणि जमिनीवरचे गवत यांत फरक तो काय?

५/ १८३० च्या मे महिन्यात बडिंगने थ्रप येथील फिनिक्स फाउंड्रीचा मालक जॉन फेराबी याच्याशी करार केला आणि ३१ ऑगस्ट १८३० रोजी पेटंट मिळवले. पैसा फेराबीचा, कल्पना बडिंगची. यंत्र लोखंडी होते आणि त्याची कापणीची रुंदी १९ इंच होती. आख्यायिका अशी की शेजाऱ्यांनी वेडा ठरवू नये म्हणून बडिंग त्याची चाचणी रात्री घेई.

६/ येथे थोडे थांबून यंत्राची रचना पाहू, कारण मामांच्या प्रश्नाचे निम्मे उत्तर तिच्यात आहे. यंत्राच्या मागच्या बाजूस जड रूळ. माणूस यंत्र ढकलतो, त्यामुळे रूळ जमिनीवर फिरतो. रुळाची गती दातेरी चाकांनी वाढून पात्यांच्या दंडगोलापर्यंत जाते, आणि पाती फिरतात. म्हणजे पाते फिरवणे आणि यंत्र पुढे नेणे ही दोन्ही कामे एकाच माणसाच्या पायांतून, एकाच साखळीतून होत. माणूस थांबला की पाते थांबले. गवत दाट लागले की पाते जड, पाते जड झाले की रूळ जड, आणि रूळ जड झाला की माणूस वाकला. पुढच्या दोनशे वर्षांचा इतिहास म्हणजे ही साखळी तोडण्याचा इतिहास, असे मला वाटते.

७/ हे यंत्र घेणाऱ्या पहिल्या गिऱ्हाइकांत लंडनच्या रीजंट्स पार्कमधील प्राणिसंग्रहालयाची बाग होती. तिथल्या मुकादमाने दिलेल्या साक्षीचा आशय असा, की एक ओढायला आणि एक ढकलायला अशा दोन माणसांनी विळा-झाडूवाल्या सहा ते आठ माणसांचे काम होते. यंत्राच्या स्तुतीसाठी हे वाक्य वारंवार उद्धृत केले जाते. उरलेल्या चार-सहा जणांचे काय झाले, हे मात्र त्या साक्षीत नाही.

८/ स्वतः बडिंगने पेटंटच्या मजकुरात सुचवले होते, की खेड्यातील सद्गृहस्थांना हे यंत्र स्वतः चालवण्यात मनोरंजक, उपयुक्त आणि आरोग्यदायी व्यायाम मिळेल. गंमत पाहा! तेच काम मजुराने केले तर कष्ट, आणि मालकाने केले तर व्यायाम. बडिंग १८४६ मध्ये वारला. पान्याचे तोंड हवे तसे कमी-जास्त करता येणारा स्पॅनर, जो आज प्रत्येक गॅरेजात असतो, त्याच्या एका आरंभीच्या रूपाचे श्रेयही त्याला देतात.

९/ मोठ्या मैदानांना माणसांचे पाय पुरेनात. स्कॉटलंडमधील आर्ब्रोथच्या अलेक्झांडर शँक्स याने १८४० च्या दशकाच्या आरंभी पोनीने ओढायचे यंत्र काढले. खुरांचे ठसे हिरवळीत उमटू नयेत म्हणून जनावरांना चामड्याचे बूट चढवीत. इंग्रजीत पायी चालण्याला 'शँक्सची पोनी' म्हणतात आणि तो वाक्प्रचार या यंत्रावरून आला, असे अनेक ठिकाणी छापलेले आढळते. ते चूक आहे. 'शँक' म्हणजे नडगी, आणि तो प्रयोग आधीच्या शतकातला आहे. असा दावा पुढे कोणी केला तर हा धागा दाखवा.

१०/ १८५९ मध्ये लीड्सच्या थॉमस ग्रीनने दातेरी चाकांऐवजी साखळीने चालणारे यंत्र आणले. खडखडाट कमी झाल्याने त्याला लॅटिनमध्ये 'मूक कापणारा' अशा अर्थाचे नाव दिले, 'सायलेन्स मेसर'. त्याच १८५९ मध्ये फ्रान्समध्ये गास्तों प्लांते याने शिसे आणि आम्ल यांची, पुन्हा पुन्हा भारता येणारी बॅटरी तयार केली. या दोन घटनांची गाठ पडायला शंभर वर्षांहून अधिक काळ लागला.

११/ कापलेल्या सपाट गवताने खेळही बदलले. १८७७ मध्ये विंबल्डनची पहिली स्पर्धा भरली, तेव्हा क्लबला पोनीने ओढायचा रूळ दुरुस्त करायला पैसे हवे होते, असे सांगतात. आज तिथले गवत ८ मिलिमीटरवर राखतात आणि त्यासाठी अजूनही बडिंगच्या घराण्यातलीच दंडगोली यंत्रे वापरतात. टेनिस असो की क्रिकेट, आपण टीव्हीवर जे पट्टे पाहतो ते त्या रुळाने गवत उलटसुलट दिशांना झुकवल्याचे पट्टे आहेत.

१२/ इंग्रजांबरोबर हिरवळ हिंदुस्थानात आली ती छावण्या, जिमखाने आणि बंगल्यांच्या आवारांत. लॉर्ड कर्झनच्या काळात ताजमहालाच्या मोगल बागेचेही बरेचसे इंग्रजी हिरवळीत रूपांतर झाले. शँक्सच्या पोनीची जागा इथे बैलांनी घेतली. नांगराला जुंपावे तसे गवत कापायच्या यंत्राला जुंपलेले बैल आग्रा-दिल्लीच्या बागांच्या कितीतरी छायाचित्रांत दिसतात.

१३/ आणि त्याच सुमारास आपल्याकडे लक्ष्मणराव किर्लोस्कर बेळगावात आणि १९१० नंतर किर्लोस्करवाडीत काय करीत होते? लोखंडी नांगर आणि कडबा कापण्याचे यंत्र. पाते, चाक, गती हे सारे तेच. पण तिकडे कापलेले गवत टाकून द्यायचे होते आणि इकडे कापलेला कडबा बैलाच्या पोटात जायचा होता. हा फरक मला फार बोलका वाटतो.

१४/ आता भंडारा. १८९३ मध्ये लँकेशायरमधील लेलँड गावच्या जेम्स समनर याने वाफेवर चालणाऱ्या गवतकापणी यंत्राचे पेटंट घेतले. साखळी इथे प्रथम तुटली. पाय फक्त मागून चालण्यापुरते उरले आणि जोर बाष्पकातून आला. पण गवत कापण्याआधी वाफ धरेपर्यंत थांबावे लागे आणि यंत्राचे वजन हिरवळीलाच भारी पडे. यंत्र फार चालले नाही. समनर मात्र वाहनांकडे वळला. १८९६ मध्ये त्याने हेन्री स्पुरियरसह लँकेशायर स्टीम मोटर कंपनी काढली. तीच १९०७ मध्ये लेलँड मोटर्स झाली, आणि तिच्याशी हातमिळवणी करून १९५५ मध्ये मद्रासची अशोक मोटर्स 'अशोक लेलँड' बनली. तिचा एक कारखाना भंडारा जिल्ह्यात आहे. आपल्या एसटीच्या ताफ्यातल्या कितीतरी गाड्या याच घराण्यातल्या. लाल गाडीच्या पूर्वजांत गवत कापणारे एक वाफेचे यंत्र आहे, हे मामांना सांगितले तेव्हा ते क्षणभर गुडघा विसरले.

१५/ १९०२ मध्ये इप्सविचच्या रॅन्सम्स कंपनीने पेट्रोल इंजिनाचे यंत्र बाजारात आणले. बडिंगचे यंत्र बनवण्याचा परवाना १८३२ मध्ये घेणारी तीच ही कंपनी. पुढे १९२१ मध्ये बर्मिंगहॅमच्या 'ॲटको'ने मध्यमवर्गाच्या बागेत मावेल असे मोटरयंत्र दिले. अमेरिकेत जॉन अल्बर्ट बर या कृष्णवर्णीय संशोधकाने ९ मे १८९९ रोजी सुधारित यंत्राचे पेटंट मिळवले होते. कापलेले गवत चाका-पात्यांत अडकू नये, हा त्यातला मुख्य विचार. बरचे नाव लक्षात ठेवा, ते दोन परिच्छेदांनी पुन्हा लागेल.

१६/ दंडगोल कात्रीसारखा कापतो, आणि म्हणून त्याला धार व जुळणी अचूक लागते. आडवे, पंख्यासारखे गरगर फिरणारे पाते गवत नुसत्या वेगाने छाटते, त्याला एवढे नखरे नसतात. त्याला लहान, हलके, वेगवान इंजिन मात्र हवे. १९५२ मध्ये सिडनीच्या मर्विन व्हिक्टर रिचर्डसन याने आपल्या गॅरेजात असे यंत्र जुळवले आणि इंधनटाकी म्हणून पीचच्या फोडींचा रिकामा डबा लावला. त्यातून 'व्हिक्टा' निघाली. २००० च्या सिडनी ऑलिंपिकच्या उद्घाटनात या यंत्रांना मानाने नाचवले गेले. एखाद्या देशाने गवत कापायच्या यंत्राला असा राष्ट्रीय मान दिल्याचे दुसरे उदाहरण मला आठवत नाही.

१७/ युद्धानंतरच्या अमेरिकेत हिरवळ जमीनदाराची राहिली नाही, ती प्रत्येकाची झाली. खरे सांगायचे तर प्रत्येकावर लादली गेली. १९४७ पासून न्यूयॉर्कजवळ लेव्हिटटाउन उभे राहिले. एकसारखी हजारो घरे, आणि प्रत्येक घरापुढे गवताचा चौकोन. उन्हाळ्याच्या हंगामात दर आठवड्याला गवत कापलेच पाहिजे, अशी अट करारात असे. त्याच वसाहतीच्या आरंभीच्या करारांत आणखी एक अट होती. नोकर वगळता गोऱ्यांखेरीज कोणालाही घरात राहू द्यायचे नाही. जॉन बर तेव्हा हयात असता, तर गवत कापायला तिथे जाऊ शकला असता, राहायला नव्हे.

१८/ लेव्हिटने १९५८ मध्ये न्यू जर्सीतही वसाहत काढली. कृष्णवर्णीय कुटुंबांना घरे नाकारली गेली, त्यांनी राज्याकडे दाद मागितली, आणि १९६० मध्ये न्यू जर्सीच्या सर्वोच्च न्यायालयाचा निकाल बिल्डरच्या विरोधात गेला. साठोत्तरी स्थलांतरात आपली मराठी माणसे तिकडे जाऊन घरे घेऊ लागली, तेव्हा वर्णाची अट गेलेली होती. गवताची अट राहिली. मामांच्या गावातही गवत ठराविक उंचीपलीकडे वाढले की नगरपालिकेची चिठ्ठी येते. त्यांनी हे यंत्र हौसेने शोधलेले नाही, हे यावरून ध्यानात यावे.

१९/ घरोघरी पेट्रोलची यंत्रे आली तशी बोटेही जाऊ लागली. अखेर १९८२ पासून अमेरिकेत नियम लागू झाला, की मागून चालवायच्या यंत्राची मूठ सुटली की पाते ३ सेकंदांत थांबलेच पाहिजे. बडिंगच्या यंत्रात हे आपोआप होई, कारण माणूस हीच त्याची मोटर होती. साखळी तोडल्यावर थांबणे कायद्याने परत आणावे लागले.

२०/ विजेचे काय? दोरीने बांधलेली यंत्रे जुनी आहेत, पण दोरी पात्याखाली येते. बॅटरीचा मोठा प्रयत्न जनरल इलेक्ट्रिकने १९६९ मध्ये 'इलेक-ट्रॅक' या बसून चालवायच्या बागेतल्या ट्रॅक्टरने केला. प्लांतेच्या बॅटऱ्या तेव्हा कुठे गवतावर नीट उतरल्या. सहा-सहा व्होल्टच्या सहा बॅटऱ्या, एकूण ३६ व्होल्ट. ट्रॅक्टरला ते वजन सोसले. हाताने चालवायच्या यंत्राला कसे सोसावे? शिशाची बॅटरी किलोमागे साधारण ३० ते ४० वॅट-अवर साठवते. तीनशे वॅट-अवर हवे असतील तर आठ-दहा किलोचे शिसे उतारावर ढकलायचे!

२१/ कोंडी फुटली ती दुसऱ्याच क्षेत्रात. व्हिटिंगहॅम, गुडइनफ आणि योशिनो यांच्या कामातून लिथियम-आयन बॅटरी घडली आणि १९९१ मध्ये सोनीने ती बाजारात आणली. तिघांना २०१९ चे नोबेल मिळाले. १९८० च्या दशकात निओडिमियमचे जबर ताकदीचे चुंबक आले, त्यांनी मोटर लहान केली. कॅमेऱ्यासाठी आणि फोनसाठी झालेले हे शोध ड्रिलमध्ये गेले, आणि तिथून गवतात. कापडाच्या गिरणीतून यंत्र आले होते, बॅटरी कॅमेऱ्यातून आली. उसनवारीची परंपरा अखंड आहे.

२२/ मग कायदा आला. कॅलिफोर्नियाने २०२१ मध्ये कायदा करून २०२४ पासून अशा लहान इंजिनांची नवी विक्री बंद करण्याचा मार्ग धरला. तिथल्या हवा मंडळाच्या हिशेबाने व्यावसायिक पेट्रोल यंत्र एक तास चालवले तर धुरके निर्माण करणारे जेवढे वायू निघतात, तेवढे मोटार सुमारे ३०० मैल चालवल्यावर निघतात. कारण मोटारीवर दशकानुदशके जी बंधने आली, तशी या इंजिनांवर आली नाहीत. कोकणात पावसाळ्यानंतर कलमांच्या बागांत खांद्यावर ग्रासकटर घेऊन दिवस दिवस उभा राहणारा माणूस कोणत्या धुरात उभा असतो, तेही यावरून कळते.

२३/ आता मामांचा प्रश्न. पाते कोण फिरवणार, यंत्र पुढे कोण नेणार, आणि जोर किती वेळ पुरणार हे तीन प्रश्न आता वेगवेगळे विचारता येतात. बॅटरीच्या अनेक यंत्रांत पात्याला एक मोटर आणि चाकांना दुसरी असते. बडिंगची साखळी इथे पूर्ण तुटली आहे. म्हणून दुकानात पहिली परीक्षा ही, की पाते बंद ठेवून यंत्र नुसते चालते का? शेडपासून उतार चढून वर नेताना गुडघ्याला त्याचा खरा उपयोग होतो. वेग आपल्या चालीइतका कमी करता येतो का, तेही पाहावे. काही यंत्रे सर्वांत हळू चालतानाही आपल्याला ओढत नेतात.

२४/ उतार असेल तर मागच्या चाकांना जोर देणारे यंत्र घ्यावे. वळताना मूठ दाबली किंवा मागची पिशवी भरली, की पुढची चाके हलकी होतात आणि पुढून ओढणारे यंत्र जागच्या जागी घसरते. चालवायचेही उताराला आडवे, वर-खाली नव्हे. पाय घसरला तर यंत्र अंगावर यायला नको.

२५/ व्होल्टांच्या आकड्याने भुलू नये. '४०' लिहिलेली बॅटरी काम करताना सुमारे ३६ व्होल्ट देते, '५६' लिहिलेली सुमारे ५०. साठा कळतो तो व्होल्ट आणि अँपिअर-अवर यांच्या गुणाकाराने. ३६ गुणिले ७.५ म्हणजे २७० वॅट-अवर आणि ५०.४ गुणिले ५ म्हणजे २५२. लहान आकड्याची बॅटरी इथे मोठी निघाली! शिवाय चाकांची मोटरही त्याच साठ्यातून खाते आणि ओले, उंच गवत दुप्पट खाऊ घालते. एका वेळी पात्याची उंची अशी ठेवावी, की एक तृतीयांशाहून अधिक गवत कापले जाणार नाही. ते गवतालाही बरे आणि बॅटरीलाही.

२६/ एक गोष्ट दुकानदार क्वचित सांगतो. लिथियमची बॅटरी शून्य अंशाखाली भारू नये, तिची हानी होते. न्यू जर्सीच्या हिवाळ्यात ती गॅरेजात न ठेवता घरात आणावी, आणि पूर्ण भरून नव्हे, अर्धी भरून. तीच बॅटरी बर्फ उडवायच्या यंत्राला किंवा पाने उडवायच्या ब्लोअरला बसते का, हे आधी विचारावे. कारण यंत्राच्या किमतीतला मोठा भाग बॅटरीचाच असतो आणि एकदा एक घराणे धरले की सोयरीक मोडणे महाग पडते.

२७/ मामांनी मागच्या चाकांचे, दोन मोटरींचे, २१ इंची यंत्र घेतले. दुकानातल्या मुलाला पाते बंद ठेवून चालवायला लावले, तेव्हा तो चकित झाला म्हणे. शनिवारी त्यांचा व्हिडिओ आला. उतारावर आडवे, सावकाश, यंत्र पुढे आणि मामा मागे. आवाज इतका कमी, की मागे मामी स्वयंपाकघराच्या खिडकीतून ओरडत होती ते स्पष्ट ऐकू येत होते : "अहो, कडेचे राहिले!" कडेचे गवत मामांनी विळ्याने कापले. २०११ मध्ये गावाहून नेलेला, मूठ झिजलेला विळा. बसून कापता येत नाही, म्हणून शेजारचा मुलगा मदतीला आला होता. त्याला विळा कसा धरायचा हे दाखवण्यात त्यांची अर्धी सकाळ गेली.